कोर्टाचा आदेश जिरवावा कसा?

साहेब, हायकोर्टाचा आदेश आला? वाटेवरचं अतिक्रमण आठ आठवड्यांत काढा म्हणतायत? घाबरताय कशाला! आमच्या वाडीची वाट अडवणारा चिऱ्याचा गडगा, म्हणजे दगडी कुंपण, काढण्याचा आदेश एका कार्यालयाने कसा जिरवला, ते जवळून पाहिलंय. त्यावरून चार युक्त्या सांगतो.

आधी आदेश वाचू नका. ‘उचित कार्यवाहीस्तव’ शेरा मारून खाली पाठवा. खालच्याने ‘मार्गदर्शन व्हावे’ लिहून वर पाठवावा.

पक्षकार स्वतः प्रत घेऊन आला, तर प्रमाणित प्रत मागा. ती आणली, तर मोजणीचा नकाशा मागा.

मग पंचांग बघा. पावसात जेसीबी रुततो. गणपतीत बंदोबस्त मिळत नाही. पुढे आचारसंहिता, मार्चअखेर, शिमगा, आणि आंबा सुरू झाला की कोणाला सवड आहे? तेवढ्यात मिरग लागतोच.

अवमान याचिका झाली तरी झोप उडवू नका. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्यात फार तर सहा महिने साधी कैद किंवा 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही. एवढ्यात मोसमाच्या सुरुवातीची हापूसची पेटीसुद्धा येत नाही. शिवाय अवज्ञा हेतुपुरस्सर होती हे ठरावं लागतं, म्हणून विसरभोळे राहा. माफी कोर्टाला पटली तर शिक्षाही टळू शकते. ‘विनाशर्त माफी’ आधीच टाइप करून ठेवा.

तारखेच्या तोंडावर बदली झाली तर सोन्याहून पिवळं.

पण खरी कला म्हणजे पूर्तता अहवाल. सुनावणी जवळ आली की जेसीबी न्या, गडग्यासमोर उभा करा, फोटो काढा. वरचे चार चिरे उतरवून बाजूला रचा, पुन्हा फोटो काढा. पंचनाम्यावर दोन सह्या घ्या. ‘आदेशाची पूर्तता करण्यात आली आहे.’ फोटोत वरून गडगा कमी झालेला दिसतो. खाली गुडघ्याएवढा उरलाय तो गवतात झाकतो. जज्जसाहेब काही वाडीत येऊन बघणार नाहीत. माझ्या आईला डायलिसिसला न्यायचं तर दोघं जण प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून त्या गडग्यावरून पलीकडे देतात. पावसात चिऱ्यावर शेवाळ धरतं, खुर्ची धरणाऱ्याचा पाय सरकतो, आणि ती वरून ओरडते, ‘मेल्यांनो, मला टाकाल!’ तिचा फोटो नाही लावलात तो अहवालाला?

18 ऑगस्ट 2025 पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गाची प्रकरणं हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे गेली. मुंबईची खेप वाचली म्हणून आम्ही खूश. आता आंबा घाट चढून ऐकायचं काय, तर सरकारी वकिलांना सूचना आलेल्या नाहीत, दोन आठवडे द्या. तुम्ही सूचना दिल्यात तर येतील ना! तो वकील सरकारी, गाडी सरकारी, भत्ता सरकारी. आमची रजा बिनपगारी.

लाज वाटू द्या जरा. आदेश आम्ही विकत आणलेला नाही. अर्ज केला तेव्हा तुम्हीच म्हणालात ना, ‘कोर्टातून आणा’? आणला. आता उरलेले चिरे काढा, आणि त्या दिवशी फोटोवाला नाही आणलात तरी चालेल.