ट्रॅक्टर धरला कोणी, हे आधी बघा

मावसभावाचा ट्रॅक्टर पोलीस ठाण्याच्या मागे सव्वातीन महिने उभा होता. मी बघायला गेलो तेव्हा पाऊस नुकताच उघडला होता. ट्रॉलीतल्या मुरमावर गवत उगवलेलं, मागचं एक चाक बसलेलं आणि बॅटरीच्या जागी नुसत्या दोन वायरी लोंबत होत्या. भाऊ काही बोलला नाही. सीटवरचा पालापाचोळा हाताने झाडत राहिला.

मुरमाचा वाहतूक पास होता, स्वामित्वधन म्हणजे सरकारची रॉयल्टी भरलेली होती. वाटेत टायर पंक्चर झाला आणि पासावरची वेळ संपल्यावर पाऊण तासाने महसूलच्या पथकाने गाडी अडवली. पंचनामा झाला, ट्रॅक्टर ठाण्यात नेऊन लावला आणि मग नोटीस आली: मुरमाच्या बाजारभावाच्या पाचपट दंड, शिवाय ट्रॅक्टर सोडवायचे १ लाख. तिकडे फायनान्सचा सहामाही हप्ता तोंडावर.

वाळूमाफियांची बाजू घ्यायला मी हे लिहीत नाही. नदीचं पात्र पोकलेनने खरवडणाऱ्यांच्या गाड्या जप्त झाल्याच पाहिजेत. तलाठ्याच्या अंगावर डंपर घालणाऱ्याला तुरुंगच हवा. पण पाऊण तासाचा उशीर आणि रात्रीची वाळूचोरी यांना एकच माप लावलं जातं, याचा मला मनापासून राग येतो.

आमचे सहा आठवडे मात्र आमच्याच अज्ञानात गेले. ट्रॅक्टर ठाण्यात आहे म्हणजे पोलिसांनीच धरलाय, असं समजून आम्ही तालुक्याच्या कोर्टात अर्ज टाकला. कोर्टाने पोलिसांचं म्हणणं मागवलं. उत्तर आलं, गुन्हा दाखल नाही, वाहन फक्त सांभाळायला ठेवलं आहे. अर्ज फेटाळला गेला.

दुसऱ्या वकिलांनी पहिलाच प्रश्न विचारला, ‘जप्ती कोणाची, कलम कोणतं?’ सगळा खेळ इथे आहे. पोलिसांनी चोरीचा गुन्हा नोंदवून गाडी धरली असेल, तर मॅजिस्ट्रेटकडे ताब्यासाठी अर्ज करता येतो. पूर्वी तो फौजदारी संहितेच्या ४५१ किंवा ४५७ खाली व्हायचा. १ जुलै २०२४ पासून तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची ४९७ आणि ५०३ ही कलमं आहेत. सुंदरभाई देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सांगितलंय की वाहनं ठाण्यात सडवत ठेवण्यात अर्थ नाही. फोटो काढा, बंधपत्र घ्या, गाडी द्या.

जप्ती महसूलची असेल तर वाट वेगळी. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८(८) प्रमाणे धरलेलं वाहन ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या, निदान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करावं लागतं. दंड आणि बंधपत्र घेऊन वाहन सोडायचा अधिकार त्यांचा. तिथे दाद लागली नाही तर अपील, आणि शेवटी उच्च न्यायालयात रिट याचिका. केंद्राच्या १९५७ च्या खाण कायद्याखाली धरलेली गाडी तर कोर्टाच्या आदेशाशिवाय सरकारजमा होतच नाही. जप्ती म्हणजे गाडी ताब्यात घेणं, सरकारजमा म्हणजे तिची मालकीच जाणं. हा फरक आम्हाला कोणीही सांगितला नव्हता.

आमच्या फायलीत ४८ तासांत वाहन हजर केल्याचा एकही कागद नव्हता. रिटमध्ये तोच मुद्दा घेतला. दंडाचा वाद चालू राहू दे, पण काही रक्कम आणि हमीपत्र घेऊन ट्रॅक्टर द्या, असा आदेश झाला. तोवर पेरणी भाड्याच्या ट्रॅक्टरने उरकली होती.

ज्यांची गाडी आज उभी आहे त्यांनी पंचनाम्याची प्रत लेखी अर्ज देऊन मागा, पोच घ्या. आणि त्याच दिवशी चारही बाजूंनी फोटो काढा. टायर, बॅटरी, डिझेलचा काटा, सगळं. आमच्या पंचनाम्यात बॅटरीचा उल्लेखच नव्हता. ती कुठे गेली, हे विचारायचीही सोय राहिली नाही.