‘भालदार’ म्हणून हिणवलेल्या कारिएरविषयी: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार.

ज्याँ-क्लोद कारिएर या फ्रेंच पटकथालेखकावरच्या माझ्या लेखाखाली ‘एक जुना नाट्यरसिक’ या नावाने तुम्ही जे लिहिलंत, त्याला तिथेच दोन ओळींत उत्तर द्यायला बसलो होतो. दोन ओळींत मावेना, म्हणून इथे लिहितो आहे.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नाही त्यांच्यासाठी तुमचे आक्षेप थोडक्यात सांगतो. पद्मश्रीचं साल मी चुकवलं. पीटर ब्रूक या इंग्रज नाट्यदिग्दर्शकासाठी कारिएरने केलेल्या महाभारतावर आपल्याकडे जी टीका झाली तिचा मी उल्लेखही केला नाही, आणि त्यात गीता अर्जुनाच्या कानात कुजबुजून उरकली हे वाचकांपासून ‘लपवलं’. लेख पाल्हाळीक आहे. आणि शेवटचं वाक्य तुमच्याच शब्दांत: ‘कारिएरला अभिनेता म्हणणं म्हणजे गणपतीत एकदा भालदार झालेल्याला नट म्हणणं, पण ज्यांनी रंगमंच प्रेक्षागृहातूनच पाहिला त्यांना हा फरक कसा कळावा?’

साल चुकलं, मान्य. पद्मश्री २०१५ ची, मी २०१४ लिहिलं. २०१४ हे मानद ऑस्करचं साल, आणि माझ्या वहीत या दोन नोंदी एकाखाली एक आहेत. दुरुस्ती केली आहे. आभार. चूक दाखवणाऱ्याचे मी नेहमीच आभार मानतो, दाखवण्याची पद्धत कशीही असली तरी.

आता भालदाराकडे येऊ.

कारिएर आधी लेखक होता हे मी कुठे नाकारलं? लेखात पहिल्याच परिच्छेदात आहे: १९३१ चा जन्म, दक्षिण फ्रान्समधलं कोलोंबिएर-सुर-ओर्ब हे लहानसं गाव, आईवडील द्राक्षमळेवाले, पुढे पॅरिसजवळ मोंत्रईला त्यांचं कॅफे, आणि १९५७ साली पहिली कादंबरी. तुम्ही तिथपर्यंत वाचलं असेल असं धरून चालतो. पण ‘एकदा’ हा शब्द तुम्ही कुठून आणलात? १९६४ साली लुई बुन्युएल या स्पॅनिश दिग्दर्शकाच्या मोलकरणीच्या सिनेमात घरच्या मालकिणीला नवराबायकोच्या खाजगीतल्या गोष्टींवर सल्ला देणारा पाद्री कोण आहे, ते एकदा नीट बघा. त्याच्याच १९६९ च्या ‘आकाशगंगे’त प्रिसिलियान हा पाखंडी बिशप कोण आहे, तेही. १९७० साली क्रिस्तियाँ द शालोंजने कारिएरच्याच कादंबरीवर ‘लालियाँस’ काढला. त्यात आना कारिनासमोर नायक आहे कारिएर. नायक, महाशय! गणपतीच्या मंडळात भालदाराला नायिकेसमोर कोणी उभं करत नाही.

आणि इराणी दिग्दर्शक कियारोस्तामीच्या २०१० च्या ‘सर्टिफाइड कॉपी’तला तो चौकातला म्हातारा. तेव्हा कारिएर ऐंशीला टेकलेला. आधी लांबून वाटतं, हा बायकोवर खेकसतोय. मग तो वळतो आणि कळतं की फोनवर बोलतोय. नंतर तो सिनेमातल्या नायकाला बाजूला घेतो आणि सांगतो, तिला फार काही नको आहे, बरोबर चाल आणि खांद्यावर हात ठेव. एवढंच काम. पण पुढे त्या नायकाचा हात तिच्या खांद्यावर जातो तेव्हा आपण तो हात बघत नाही, म्हाताऱ्याचं वाक्य बघतो. मी हा प्रसंग किती वेळा पाहिला असेन ते मोजलेलं नाही. त्या म्हाताऱ्याने जरासा जरी ‘सल्ला देणारा वडीलधारा’ केला असता तरी सगळं कोसळलं असतं. तो करत नाही. जाता जाता सांगतो आणि जातो. याला अभिनय म्हणायचं नाही तर कशाला म्हणायचं ते तुम्ही कळवा, तुम्ही जुने रसिक आहात.

राहिलं ‘प्रेक्षागृहातूनच’. हे मला लागलं, कबूल करतो. तुम्हाला माझ्याविषयी काही माहीत नाही, त्यामुळे माफ आहे. तरी सांगतो. कॉलेजात असताना मी एका स्पर्धेसाठी एकांकिका लिहिली होती. त्याच काळात रानडे इन्स्टिट्यूटमध्ये संध्याकाळी फ्रेंच शिकत होतो, डोक्यात फार भारी भारी गोष्टी होत्या, आणि संवादही तसेच. प्रयोगाच्या आदल्या रात्री आमच्यातल्या एकाला कावीळ झाल्याचं कळलं आणि दिग्दर्शकाने माझ्या अंगावर त्याचा सदरा चढवला. काम छोटं, नोकराचं. माझ्या वाट्याला माझंच एक वाक्य आलं: ‘मालक, या वास्तूच्या मौनात तुमच्या पश्चात्तापाचे प्रतिध्वनी अजून विरलेले नाहीत.’ लिहिताना मला स्वतःचंच कौतुक वाटलं होतं. रंगमंचावर तोंड उघडलं आणि ‘वास्तूच्या मौनात’च्या पुढे जीभच वळेना. शेवटी म्हणालो, ‘मालक, चहा आणू?’ हशा आला, बक्षीस गेलं. दिग्दर्शक त्यानंतर दोन वर्षं माझ्याशी बोलला नाही. पण त्या दिवसापासून मी मोठ्याने म्हटल्याशिवाय एकही वाक्य कागदावर ठेवलेलं नाही. तेव्हा विंगेतला अंधार मलाही माहीत आहे, पडद्याच्या कोणत्या बाजूला धूळ जास्त असते तेही.

हे आत्मचरित्र अशासाठी, की कारिएरचं लिहिणं मला याच वाटेने कळलं. तो सिनेमात शिरला तो जाक ताती या फ्रेंच विनोदी नट-दिग्दर्शकामुळे, तातीच्या सिनेमांवरून कादंबऱ्या लिहिण्याच्या कामावर. तातीने त्याला सुझान बारोन या संकलिकेकडे पाठवलं. तिने एक हात संहितेवर ठेवला, दुसरा फिल्मच्या रिळावर, आणि सांगितलं की सगळा प्रश्न इथून इथवर जायचा आहे. या दोन हातांच्या मधल्या जागेत काय असतं? नटाचं शरीर असतं. कारिएरला ते कळलं होतं असं मी म्हणतो. पिएर एतै या विनोदी नट-दिग्दर्शकाबरोबर त्याने १९६२ साली केलेला लघुपट बघा. लग्नाच्या वाढदिवसाला घरी पोचू पाहणारा नवरा पॅरिसच्या रहदारीत अडकतो, बोलणं जवळजवळ नाहीच, सगळं हातापायांचं काम. त्याला ऑस्कर मिळालं. निव्वळ टेबलावर बसून लिहिणाऱ्याला हे सुचत नाही.

बुन्युएलची आणि त्याची भेट १९६३ साली कान महोत्सवात झाली. बुन्युएलने पहिलाच प्रश्न विचारला, वाइन पिता का? द्राक्षमळेवाल्याच्या पोराला याहून सोपी परीक्षा मिळणार नव्हती. त्यानंतर जवळजवळ वीस वर्षं दोघांनी एकत्र काम केलं. संध्याकाळी अर्धा तास दोघांनी वेगवेगळं बसायचं, प्रत्येकाने एक गोष्ट रचायची आणि मग भेटून एकमेकांना सांगायची. न पटलेली कल्पना तिथल्या तिथे नाकारायची मुभा दोघांनाही. त्यात बुन्युएलला ऐकू कमी येई. आता मला सांगा, कमी ऐकू येणाऱ्या, पटकन नाही म्हणणाऱ्या माणसासमोर रोज संध्याकाळी गोष्ट वठवून दाखवायची, याला तालीम म्हणतात की नाही? त्यांच्या ‘द डिस्क्रीट चार्म ऑफ द बुर्झ्वाझी’ या सिनेमातली ती माणसं पुन्हा पुन्हा जेवायला बसतात आणि कधीच जेवत नाहीत. ते कागदावर वाचलं तर एकच विनोद आहे. पडद्यावर दर वेळी नवा होतो, कारण खुर्ची ओढणं, रुमाल उलगडणं, ताटावरून उठणं हे कुणीतरी आधी करून पाहिलेलं आहे. (हा माझा तर्क आहे. तुम्ही तो खोडून दाखवा, पण भालदाराच्या उपमेने नको.)

महाभारताबद्दल. १९८५ साली फ्रान्समधल्या आविन्योंजवळ दगडाच्या खाणीत नऊ तास चाललेला तो प्रयोग, त्याच्यावरची टीका, नाट्यसमीक्षक रुस्तम भरूचांनी घेतलेले आक्षेप, हे सगळं मला ठाऊक आहे. त्यावर खूप लिहिलं गेलंय. माझा लेख त्याविषयी नव्हता. भीष्म मालीत जन्मलेल्या सोतिगी कुयातेने केला आणि द्रौपदी मल्लिका साराभाईंनी, एवढं मी लिहिलं होतं. ‘लपवलं’ वगैरे शब्द जपून वापरा. आणि गीतेचंच म्हणाल, तर अठरा अध्याय रंगमंचावर म्हणून दाखवणारं एक तरी मराठी नाटक मला सांगा, मी तिकीट काढून येतो. कारिएरने धर्म आणि क्षत्रिय हे शब्द फ्रेंचमध्ये न भाषांतरता तसेच ठेवले, हे तुमच्या वाचनात आलं नसावं. असो. त्या वादात मला पडायचं नाही.

लेख पाल्हाळीक आहे या आक्षेपाला हे उत्तर लिहून मी बहुधा पुरावाच जोडला आहे. पण तुमची प्रतिक्रियाही काही चारोळी नव्हती.

पुढच्या वेळी नाव घालून लिहिलंत तर बरं वाटेल. टोपणनावाशी भांडताना माणूस स्वतःशीच बडबडतोय असं वाटतं, घरच्यांनी तसं बोलूनही दाखवलं. साल दुरुस्त केलं आहे. ‘अभिनेता’ हा शब्द शीर्षकात होता तिथेच आहे.