'ने'चं गोत्र

ग्रीस आणि बल्गेरियाच्या सीमेवर कुलाता नावाचं नाकं आहे. त्याच्या दक्षिणेला कुणी 'ने' म्हणालं तर त्याचा अर्थ 'हो'. उत्तरेला तोच 'ने' म्हणजे 'नाही'. मधे अंतर किती, तर २०२४ अखेरपर्यंत पासपोर्ट तपासायच्या दोन खिडक्यांचं होतं, आता तेवढंही नाही. त्यात भर म्हणजे जुन्या वळणाची बल्गेरियन माणसं होकार देताना मान आडवी हलवतात आणि नकार देताना वर-खाली. ग्रीक माणूस नकाराला मान मागे टाकतो, भुवया उंचावतो आणि बरेचदा जिभेनं 'च्यक्' करतो. म्हणजे शब्दावर विसंबायचं नाही आणि मानेवरही नाही.

या एकाक्षरी शब्दाचा मला फार दिवसांपासून नाद लागलाय. आज त्यावर सविस्तर लिहितोय, त्याला कारण आहे. 'अमक्या देशात हा शब्द वापरतात, आपल्याकडेही तोच आहे, म्हणजे ती भाषा आपल्यापासूनच निघाली' अशा अर्थाच्या पोस्ट दर आठवड्याला कुणी ना कुणी पाठवतं. पाठवणाऱ्यांचं भाषेवर प्रेम असतं, यात शंकाच नाही. पण हा प्रकार मला मनापासून खटकतो. कानाला सारखा वाटला म्हणून शब्द नात्यातला ठरत नाही, आणि खरं नातं शोधायला गेलं तर ते या पोस्टमधल्या दाव्यांपेक्षा कितीतरी थरारक निघतं. 'ने' हे त्याचं मला माहीत असलेलं सगळ्यात चांगलं उदाहरण आहे.

आधी घरचं पाहू. बल्गेरियन, सर्बियन, चेक या स्लाव भाषांतला नकारार्थी 'ने' आपला सख्खा नातेवाईक आहे. संस्कृत 'न', फारसी 'न', लिथुआनियन 'ने' आणि आपले नाही, नको, नये, नव्हे, नसे हे सगळे एकाच जुन्या नकारातून आले. जुन्या मराठीत 'नेणे' म्हणजे 'जाणत नाही'. 'जाणते-नेणते' ही जोडी आपण अजून वापरतो, पण त्यातल्या 'ने'मध्ये हा नकार दडलाय हे सहसा लक्षात येत नाही. (उचलून 'नेणे' वेगळं. ते संस्कृतातल्या 'नी' धातूपासून आलं, त्याचा नकाराशी काही संबंध नाही. म्हणजे मराठीतल्या मराठीतही सारखा आवाज फसवतोच.)

ग्रीकसुद्धा याच मोठ्या कुटुंबातली भाषा. तरी तिच्यातला 'ने' या नकाराच्या वंशातला नाही. तो प्राचीन ग्रीकमध्ये 'नाइ' असा उच्चारला जायचा आणि तेव्हाही त्याचा अर्थ 'हो'च होता. पुढे 'आइ' हा जोडस्वर घासून घासून 'ए' झाला. लिहिताना आजही दोन स्वर लिहितात, वाचताना एकच. म्हणजे ग्रीक होकार आणि बल्गेरियन नकार हे दोन वेगळ्या वाटांनी येऊन एकाच आवाजाशी थांबले. नकारासाठी ग्रीकमध्ये 'ओही' हा तिसराच शब्द आहे, आणि तो इतका लाडका की २८ ऑक्टोबर हा त्याचा राष्ट्रीय सण असतो. १९४० साली त्या दिवशी मुसोलिनीची मागणी ग्रीसनं धुडकावली होती.

फ्रेंचमधल्या 'ने'ची कथा मला सगळ्यात हलवून टाकते. (लिहायला ने, उच्चार मात्र आपल्या 'न'च्या जवळचा.) लॅटिनमध्ये जुना 'ने' दुबळा वाटू लागला, म्हणून त्याला 'एक'चा आधार दिला गेला. 'ने' अधिक 'एक', म्हणजे 'एकही नाही', हे आखडून 'नोन' झालं. फ्रेंचपर्यंत येता येता 'नोन'ही झिजून पुन्हा 'न' झाला. मग त्याला आणखी एक टेकू मिळाला, 'पा'चा. 'पा' म्हणजे पाऊल. 'एक पाऊलही चालत नाही' असं म्हणता म्हणता पाऊल हाच नकार होऊन बसला. आज बोलताना फ्रेंच माणसं मूळचा 'न' सर्रास गाळतात आणि नुसत्या 'पा'वर काम भागवतात. हजारो वर्षांचा नकार गळून पडला आणि त्याच्या जागी पाऊल उरलं. डेन्मार्कचे भाषाशास्त्रज्ञ ओटो येस्पर्सन यांनी १९१७ साली हे चक्र मांडलं, म्हणून ते त्यांच्याच नावानं ओळखलं जातं.

आता कोरियन. तिथे 'ने' म्हणजे 'हो'. ग्रीकसारखंच! पण ग्रीक आणि कोरियन यांचं नातं कुणालाही दाखवता आलेलं नाही. हा निव्वळ योगायोग. शिवाय कोरियन होकार आपल्या 'हो'सारखा वागतही नाही. 'आला नाहीत का?' असं विचारल्यावर कोरियन माणूस 'ने' म्हणाला, तर त्याचा अर्थ 'तुम्ही म्हणता ते बरोबर, मी आलो नाही'. फोनवर समोरचा बोलत असताना 'ने, ने, ने' चालू असतं, ती संमती नसते. आपण 'हं… हं…' करतो तेच ते, ऐकतोय एवढंच सांगणारं. आणि सोलच्या बोलीत शब्दाच्या सुरुवातीचा हा 'न' इतका कमी नाकातला असतो की नवख्याच्या कानाला 'दे' ऐकू येतं.

कोरियनमध्ये आणखी एक 'ने' आहे, 'तुझा' या अर्थाचा. 'माझा' यासाठीचा शब्द 'नॅ'सारखा होता. हे दोन स्वर अलीकडच्या उच्चारात एकत्र मिसळले. परिणाम काय, तर 'माझा' आणि 'तुझा' यांचा आवाज एकच! कुठल्याही भाषेला ही अडचण परवडणारी नाही. मग लोकांनीच तोडगा काढला आणि बोलताना 'तुझा'साठी 'नी' म्हणायला सुरुवात केली. लिहिताना अजून 'ने'च.

योगायोग म्हटलं की लोकांना ते पटत नाही. 'असा कसा योगायोग?' म्हणून जरा साधा हिशोब करू. एखाद्या भाषेत वीस व्यंजनं आणि पाच स्वर धरले, तर एक व्यंजन आणि एक स्वर मिळून शंभरच अक्षरं होतात. हवाईच्या भाषेत तर व्यंजनंच आठ आहेत. जगात सुमारे ७,००० भाषा. प्रत्येकीला हो, नाही, हा, तो, काय, ना, की असे डझनावारी चिमुकले शब्द लागतात, आणि सतत वापरून ते आणखी आखूड होतात. 'न' तर जवळपास प्रत्येक भाषेत आहे. इतके शब्द इतक्या थोड्या जागेत कोंबल्यावर ते एकमेकांवर आदळले नसते, तरच नवल होतं.

लांब शब्दही आदळतात. ऑस्ट्रेलियाच्या उत्तर क्वीन्सलंडमध्ये म्बाबराम नावाची भाषा होती. रॉबर्ट डिक्सन हे भाषाशास्त्रज्ञ तिच्या शेवटच्या जाणकारांकडून शब्द टिपून घेत होते. कुत्र्याला काय म्हणता असं विचारल्यावर उत्तर आलं, 'डॉग'. इंग्रजीतून घेतलेला शब्द असणार, असंच कुणालाही वाटेल. पण शेजारच्या यिडिन भाषेत कुत्र्याला 'गुडागा' म्हणतात. म्बाबराममध्ये शब्दांचं पहिलं अक्षर गळतं, शेवटचा स्वर गळतो, मधला स्वर ठरावीक रीतीनं बदलतो. 'गुडागा'ला हे नियम लावून पाहा, 'डॉग'च उरतो. इंग्रजीचा त्यात काडीचा हात नाही.

आणि खरं नातं बहुतेक वेळा कानाला कळतच नाही. आपलं 'चाक' संस्कृत 'चक्र'पासून आलं. इंग्रजीतलं 'व्हील' आणि ग्रीक 'किक्लोस' हेही त्याच मूळ शब्दाचे वंशज. या किक्लोसमधूनच 'सायकल' आली. म्हणजे 'सायकलचं चाक' म्हणताना आपण एकच प्राचीन शब्द दोन वेषांत दोनदा उच्चारतो! चाक आणि व्हील यांत कानाला काय सारखं आहे? काहीच नाही. नातं ठरतं ते बदलाच्या शिस्तीवरून. आपल्याकडे 'द' तिथे इंग्रजीत 'ट': दोन–टू, दहा–टेन, दात–टूथ. ही शिस्त जर्मन भाषाशास्त्रज्ञ याकोब ग्रिम यांनी १८२२ साली मांडली. असा एक सुटा शब्द दाखवून काही सिद्ध होत नाही, ओळीनं डझनभर दाखवावे लागतात. पोस्ट पाठवणाऱ्यांकडे माझी एवढीच मागणी आहे. सुटा शब्द नको, ओळ दाखवा.

शेजारच्या भाषांतसुद्धा सारख्या शब्दावर भिस्त ठेवता येत नाही, हे आपल्या तृतीयेच्या 'ने'वरून दिसतं. 'रामाने मारलं' म्हणजे मारणारा राम. हिंदीतही 'राम ने मारा' म्हटलं की मारणारा रामच. गुजरातीत मात्र 'रामने मार्यो' म्हटलं तर मार रामाला बसला! तिथे 'ने' कर्माला लागतो, आणि मारणारा राम 'रामे' होतो. हरियाणवीत तर कर्त्याला आणि कर्मालाही 'ने' लागतो, कुणी कुणाला मारलं ते संदर्भावरून समजून घ्यायचं. पुन्हा हिंदी 'मैंने', पण मराठी माणूस 'मीने' म्हणत नाही. 'मी पुस्तक वाचलं', 'तू पुस्तक वाचलंस', आणि 'त्याने' आला की 'ने' हजर. हा फरक आपल्याला कुणी शिकवलेला नसतो आणि तो कधी चुकतही नाही.

काही भाषांत 'ने' वेगळ्याच कामाला लागलाय. फिनिशमध्ये 'ने' म्हणजे 'ती, त्या' अशा वस्तू, आणि बोलताना माणसांनाही तोच. हंगेरियनमध्ये 'ने' म्हणजे नको. 'नाही'साठी तिथे 'नेम' हा वेगळा शब्द आहे, म्हणजे आपण 'जात नाही' आणि 'जाऊ नको' यांत जो भेद करतो तोच हंगेरियन माणूसही करतो. हे साम्य मला आवाजाच्या साम्यापेक्षा फार मोलाचं वाटतं.

तुर्की 'ने' म्हणजे काय. म्हणजे 'काय' हाच त्याचा अर्थ. गंमत अशी की अस्सल तुर्की शब्द 'न'नं सुरू होत नाहीत, 'ने' आणि त्याच्यापासून झालेले शब्द हा ठळक अपवाद. आपल्याकडे काय, कुठे, कसा, केव्हा यांत 'क' जे करतो, ते तिथे बरंचसं 'ने'नं होतं: नेरेदे म्हणजे कुठे, नेदेन म्हणजे कशामुळे. 'ने ग्युझेल!' म्हणजे 'काय सुंदर!', अगदी आपल्याच धाटणीनं. याच भाषेत 'ने हे, ने ते' असा जोडीचा प्रयोगही आहे, 'हेही नाही, तेही नाही' या अर्थाचा. तो फारसीतून उसना घेतलेला. म्हणजे तुर्कीच्या एका 'ने'शी आपला काहीच संबंध नाही आणि दुसरा आपल्या 'नाही'चा चुलत भाऊ. दोघं एकाच वाक्यात येऊ शकतात.

शेवटी जपानी. तिथे 'ने' वाक्याच्या टोकाला बसतो. 'हवा छान आहे ने', म्हणजे 'छान आहे ना!' जे ऐकणाऱ्यालाही माहीत आहे, दोघांना दिसतंय, त्याला 'ने' लागतो. ऐकणाऱ्याला नवीन काही सांगायचं असेल तर टोकाला 'यो' येतो. जपानी शिकणारे या दोघांत हमखास अडखळतात. मराठी माणसाला ते सोपं जावं, कारण 'छान आहे ना' आणि 'छान आहे बरं का' यांतला फरक बराचसा तसाच आहे. तरीही जपानी 'ने' आणि मराठी 'ना' यांचं नातं नाही.

न्यूझीलंडच्या माओरीतही वाक्याच्या शेवटी 'ने?' येतो, 'हो ना?' या अर्थाचा. गुजरातीत 'आवशो ने?' म्हणजे 'याल ना?' आणि ब्राझीलच्या पोर्तुगीजमध्ये दर दोन वाक्यांनी 'ने?' ऐकू येतो. १९०८ साली कासातो मारू नावाचं जहाज जपानी स्थलांतरितांना घेऊन ब्राझीलच्या सांतोस बंदराला लागलं. पुढे जपानबाहेरची जपानी वंशाची सगळ्यात मोठी वस्ती ब्राझीलमध्येच झाली. तेव्हा हा 'ने' त्यांनीच आणला किंवा तिथून उचलला, हा तर्क कुणालाही सुचेल. पण जपानी 'ने' त्या जहाजाच्या कितीतरी आधीचा. आणि पोर्तुगीज 'ने' म्हणजे 'नाऊं ए', 'नाही का', हे आखडून झालेलं रूप. त्यातला 'नाऊं' लॅटिन 'नोन'मधून आला, आणि 'नोन'च्या पोटात तोच जुना नकार बसलाय, जो आपल्या 'ना'मध्ये आहे. तेव्हा साओ पावलोच्या रस्त्यावर जपानी आणि पोर्तुगीज 'ने' एका सुरात ऐकू आले, तरी ते एकमेकांचे कुणीही नाहीत. त्यांच्यातला पोर्तुगीज मात्र आपल्या 'येशील ना?'मधल्या 'ना'चा रक्ताचा नातेवाईक आहे.