‘स्पष्टवक्ता पुणेकर’ यांच्या प्रतिक्रियेला उत्तर, जरा सविस्तर

मागच्या रविवारी मी विमानांमागे उमटणाऱ्या पांढऱ्या रेघांवर लेख टाकला होता. लहानपणी ‘रॉकेट गेलं, रॉकेट गेलं’ म्हणत आपण ज्या बघायला धावायचो, त्याच रेघा. त्या पृथ्वी तापवायला हातभार लावतात, विशेषतः रात्री, असं मी त्यात लिहिलं होतं. त्यावर ‘स्पष्टवक्ता पुणेकर’ या नावाने एक प्रतिक्रिया आली आहे. ज्यांनी ती वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. रेघ म्हणजे नुसती वाफ, ती दहा मिनिटांत विरते. तिने पृथ्वी तापत असेल तर माझ्या चहाच्या किटलीनेही तापत असणार. २००१ चा अमेरिकेतला दाखला केव्हाच खोडला गेला. खरा प्रश्न कार्बन डायऑक्साइडचा आहे. सिंहगड रोडचा धूर सोडून हे कसले विषय? आणि ‘विमानातून रसायनं फवारतात’ म्हणणारे आणि मी एकाच माळेचे मणी. शेवटचं वाक्य जसंच्या तसं देते: ‘काकू, गच्चीवर पापड वाळत घालता घालता हवामानशास्त्र होत नसतं.’

आधी या वाक्याचं बघू. माझ्या लेखात पापड कुठेच नव्हते. गच्ची होती आणि खाली बाईचं नाव होतं. तेवढ्यावरून आपण पापडांपर्यंत पोचलात. हाच लेख एखाद्या निवृत्त गृहस्थांनी लिहिला असता तर आपण त्यांना ‘सर’ म्हणून दोन शंका विचारल्या असत्या, याबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. ‘काकू’ म्हणण्याला माझी हरकत नाही. सोसायटीतली निम्मी मुलं मला काकूच म्हणतात. पण ती मुलं प्रश्न विचारण्यासाठी हाक मारतात, गप्प बसवण्यासाठी नाही.

मी ३१ वर्षं शाळेत भूगोल शिकवला. माझे वडील शिवाजीनगरच्या सिमला ऑफिसात होते. हवामान खात्याचं मुख्यालय १९२८ साली सिमल्याहून पुण्यात आलं, म्हणून जुने पुणेकर त्या दगडी इमारतीला अजून सिमला ऑफिस म्हणतात. फुग्याला बांधून वर सोडायच्या यंत्रांवर वडील काम करायचे. मी सहावीत असताना त्यांनी मला एक तक्ता दाखवला होता. खाली जमिनीवर २५ अंश आणि अकरा किलोमीटरच्या आसपास उणे ४० च्याही खाली. ‘आपल्या डोक्यावर, मुंबईपेक्षाही जवळ, इतकी थंडी आहे,’ हे त्यांचं शब्द न् शब्द वाक्य मला आठवतं. त्या घरात मी वाढले आहे. तेव्हा हवामान म्हणजे काय हे मला पापडांवरून शिकवू नका.

आणि पापडांचंच म्हणाल, तर हो, घालते. कुरडयाही घालते. चैत्रात जी साडी दोन तासांत खडखडीत वाळते, ती श्रावणात दोन दिवस ओलीच राहते. पाणी तेवढंच, साडीही तीच, फरक फक्त हवेत. तुमच्या ‘दहा मिनिटांत विरते’ला उत्तर नेमकं इथेच आहे. वरची हवा कोरडी असली की रेघ मिनिटाभरात नाहीशी होते. पण त्या थंडीत हवेत इतकी वाफ असेल की बर्फाचे कण वाळण्याऐवजी वाढतच जावेत, तर रेघ टिकते, पसरते आणि शेवटी सिरस ढगांसारखी, म्हणजे खूप उंचावरच्या पातळ, पिसांसारख्या ढगांसारखी दिसू लागते. सहकारनगरातल्या माझ्या गच्चीवरून मी २०१४ पासून वहीत नोंदी ठेवते आहे. पन्नास सेकंदांत मिटलेल्या रेघा त्यात आहेत. आणि तळजईवर उमटून, तासाभराने पर्वतीच्या पलीकडे हाताच्या पंजाएवढ्या रुंद होऊन गेलेल्याही आहेत. दहा मिनिटं हा आकडा तुम्ही कुठल्या वहीतून घेतलात?

आता किटली. ही उपमा वाचून तीन जणांनी हसरे चेहरे टाकलेत, म्हणून तिला वेळ देते. एक किलो विमानाचं इंधन जळलं की साधारण सव्वा किलो पाणी वाफ होऊन बाहेर पडतं. सोबत काजळीचे अतिसूक्ष्म कण असतात. उणे चाळिसाच्या आसपासच्या हवेत ती वाफ त्या कणांवर धरते आणि लगेच गोठते. इथवर किटलीशी तुलना चालेल. पण टिकणाऱ्या रेघेत जो बर्फ असतो, त्यातला बहुतेक विमानाने आणलेला नसतोच. तो तिथल्या हवेतल्या वाफेचा असतो. विमान फक्त विरजण लावतं. चमचाभर विरजणाने पातेलंभर दही लागतं, आणि तुम्ही चमचा दाखवून म्हणताय, एवढ्याशाने काय होणार! तुमच्या स्वयंपाकघरात उणे चाळीस तापमान नाही, म्हणून तुमची किटली निर्दोष आहे.

हे दही करतं काय, तेही लेखात होतं. दिवसा ते थोडं ऊन परत पाठवतं, म्हणजे थोडा गारवा. जमिनीकडून वर जाणारी उष्णता मात्र ते दिवसरात्र अडवतं. रात्री ऊन नसतं, त्यामुळे तेव्हा नुसतं पांघरूणच उरतं. इंग्लंडच्या आग्नेय भागातल्या एका ठिकाणाचा हिशेब २००६ साली प्रसिद्ध झाला. त्यात रात्रीची उड्डाणं एकूण उड्डाणांच्या चौथ्या हिश्श्याएवढीच होती, पण रेघांमुळे होणाऱ्या तापण्यातला ६० ते ८० टक्के वाटा त्यांचा होता. म्हणून मी लेखात रात्रीच्या विमानांवर जोर दिला होता. त्यावर आपली प्रतिक्रिया एक अक्षर बोलत नाही.

२००१ चं मान्य करते. ११ सप्टेंबरनंतर अमेरिकेत तीन दिवस विमानं बंद होती आणि दिवसरात्रीच्या तापमानातला फरक सरासरीपेक्षा सुमारे १.१ अंशाने वाढला, असं २००२ सालच्या अभ्यासात आलं होतं. नंतर इतरांनी दाखवलं की ते दिवस एरवीही निरभ्र होते, तेव्हा सगळं श्रेय रेघांना देता येत नाही. मी ते ‘सिद्ध झालं’ असं लिहायला नको होतं. तसंच फोटोखाली ‘धुराची रेघ’ लिहिलं होतं, ते चूकच. धूर नाही, बर्फ आहे. दोन्ही ठिकाणी दुरुस्ती केली आहे. पण अकरा परिच्छेदांतल्या एका दाखल्यावरून अख्खा लेख मोडीत काढायचा, ही वाद घालण्याची रीत नाही.

कार्बन डायऑक्साइड मी कधी नाकारला? तो शतकानुशतकं राहतो, रेघ तासांत जाते, हे मीच लिहिलं आहे. २०२१ च्या मोठ्या आढाव्यात पृथ्वी तापवण्यातला विमानांच्या रेघांचा वाटा दर चौरस मीटरला सुमारे ५७ मिलिवॅट आणि विमानांच्याच कार्बन डायऑक्साइडचा सुमारे ३४ आहे. रेघांचा आकडा १७ ते ९८ च्या दरम्यान कुठेही असू शकतो, म्हणून अनिश्चित, हेही खरं. अनिश्चित म्हणजे शून्य नव्हे. सिंहगड रोडबद्दल लिहीनच, तिथून रोज जाते मी.

फवारणीवाल्यांच्या माळेत मला ओवलंत, याचं मात्र वाईट वाटलं. माझ्या माहेरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मी याच लोकांशी दोन वर्षं भांडते आहे. २०१६ साली ७७ तज्ज्ञांना विचारलं, त्यातल्या ७६ जणांनी गुप्त फवारणीचा कसलाही पुरावा दिसला नसल्याचं सांगितलं. पाषाणच्या उष्णदेशीय हवामान संस्थेने सोलापूरकडे केलेले कृत्रिम पावसाचे प्रयोग उघड होते, आणि ते पावसाळी ढगांवर होते, या रेघांशी त्यांचा संबंध नाही. हे सगळं त्या लेखातच होतं. शेवटपर्यंत वाचण्याचे कष्ट घेतले असते तर दिसलं असतं.

शेवटपर्यंत वाचलं असतं तर आणखी एक गोष्ट दिसली असती. माझ्या दृष्टीने लेख तिच्यासाठीच होता. जपानच्या आकाशातल्या उड्डाणांचा २०२० सालचा अभ्यास सांगतो की अवघ्या २.२ टक्के उड्डाणांकडे रेघांच्या तापवण्यातला ८० टक्के वाटा जातो. त्यांतल्या निवडक विमानांनी दोन हजार फूट वर किंवा खाली जाऊन रेघ टिकवणारा हवेचा दमट थर टाळला, तर बराच भार हलका होतो. २०२३ मध्ये गूगल आणि अमेरिकन एअरलाइन्स यांनी ७० उड्डाणांवर हे करून पाहिलं आणि रेघा ५४ टक्क्यांनी घटल्या. नवं इंजिन नाही, नवं इंधन नाही, फक्त उंची बदलायची. आखाताकडून पूर्वेला जाणारी कितीतरी विमानं रात्री भारतावरून जातात. आपल्याकडे हा हिशेब कुणी मांडावा, एवढंच मला म्हणायचं होतं. तो परिच्छेद लेखात खालून दुसरा आहे. तुमची प्रतिक्रिया मी काढणार नाही, पण पुढची लिहाल तेव्हा त्या परिच्छेदावर लिहा.