उच्छृंखल म्हणजे नुसता उद्धट नव्हे
एका लेखात 'उच्छृंखल'चा अर्थ 'उद्धट' असा एका शब्दात उरकलाय, तो पटला नाही. उद्धट माणूस उलट बोलतो, आगाऊ माणूस न विचारता मध्ये तोंड घालतो. उच्छृंखल माणसाला मुळात कुठलं बंधनच नको असतं. शब्दाची फोड उत् + शृंखला. शृंखला म्हणजे साखळी. संस्कृत काव्यात ती हत्तीच्या पायात खळखळते. ती तोडून सुटला तो उच्छृंखल. आपल्या दाराची साखळीसुद्धा याच शृंखलेतून प्राकृतमार्गे आलेली, हे सांगितलं की मुलांना शब्द पटकन कळतो.

लेखनातला घोळही इथेच सुटतो. उत् + श्वास = उच्छ्वास, तसाच इथेही त् आणि श मिळून 'च्छ' होतो. 'उश्रुंखल' लिहिणाऱ्यांनी कृपया एवढं लक्षात ठेवावं.

एक मात्र फार खटकतं. हा शब्द बहुतेकदा मुलींच्याच वाट्याला येतो. रात्री उशिरा घरी आली की ती उच्छृंखल, आणि मिरवणुकीत बायकांना धक्के मारत फिरणाऱ्या पोरांना 'वयच तसं आहे' म्हणून सोडून देतात. शब्दाचा अर्थ बघता तो आधी या पोरांना लावायला हवा.