‘काळथांब पेटी’त काळ थांबत नाही, संत्री मात्र सडतात

महिनाभर एक मेसेज ग्रुपाग्रुपांवर फिरतोय. तांब्याच्या तारेचं वेटोळं, चार नियोडिमियम चुंबक आणि 12 व्होल्टचा अडॅप्टर लावलेल्या ‘काळथांब पेटी’त म्हणे काळ तीसपट मंदावतो. बाहेर महिना सरतो तेव्हा आत एकच दिवस जातो, म्हणून संत्री ताजी राहतात. पुरावा काय, तर पेटीतल्या घड्याळाचा व्हिडिओ, जीपीएस उपग्रहांच्या घड्याळांतही काळाचा फरक पडतो हा दाखला, आणि आपल्या नागपुरातल्या झिरो माइलच्या खांबापाशी काळ मुळातच मंद चालतो हा दावा. नागपूरजवळच्या काटोलच्या मामांनी आंबिया बहराची चाळीस कॅरेट संत्री असल्या पेट्यांत भरायचं ठरवलंय, तेव्हा आता गप्प बसून चालणार नाही.

आधी तो व्हिडिओ. पेटीतल्या घड्याळाचा सेकंदकाटा अडखळतो आणि थांबतो. भिंतीवरच्या घड्याळात क्वार्ट्झचा स्फटिक सेकंदाला 32,768 वेळा कंप पावतो, सर्किट त्यातून दर सेकंदाला विजेचा एक झटका काढतं आणि त्या झटक्याने एक इवलीशी मोटर पाऊल टाकते. या मोटरचा फिरणारा भाग म्हणजेच एक छोटं चुंबक. शेजारी नियोडिमियम आला की ते त्याच्याकडे तोंड करून अडकून बसतं. स्फटिकाचं काम चालूच असतं, फक्त काटा अडतो. चुंबक दूर करा, घड्याळ पुन्हा चालायला लागेल.

खरी परीक्षा घ्यायची तर काटे नसलेली दोन डिजिटल घड्याळं एकाच वेळेला लावा, एक आत ठेवा, एक बाहेर. बाहेर 24 तास झाले की आतलं 48 मिनिटंच पुढे गेलेलं दिसायला हवं. मोबाइल ठेवू नका, तो नेटवर्कवरून वेळ दुरुस्त करून घेतो.

पण या मेसेजमधली सगळ्यात वेडगळ गोष्ट वेगळीच आहे, आणि तिच्याकडे कुणाचंच लक्ष गेलेलं नाही. घटकाभर धरून चालू की आत काळ खरंच तीसपट मंद आहे. मग आतल्या एका सेकंदात बाहेरचे 30 सेकंद येऊन पडतात. त्या 30 सेकंदांत आलेल्या प्रकाशाच्या सगळ्या लाटा आत एका सेकंदात मोजल्या जातात, म्हणजे त्यांची वारंवारता तीसपट होते. खोलीच्या भिंतींतून येणाऱ्या साध्या उबेचंही तेच. टोलमन आणि एहरेनफेस्ट या भौतिकशास्त्रज्ञांनी 1930 मध्ये गुरुत्वाकर्षणासाठी हा नियम मांडला: जिथे काळ सावकाश चालतो, तिथे समतोलाचं, म्हणजे उष्णतेची देवाणघेवाण स्थिरावल्यावरचं, तापमान त्याच प्रमाणात चढं असतं. आता नागपूरचा मे महिना घ्या. 45 अंश म्हणजे निरपेक्ष शून्यापासून मोजलं तर 318 केल्विन. त्याला 30 ने गुणलं की 9,540 केल्विन. सूर्याचा पृष्ठभागसुद्धा सुमारे 5,800 केल्विनच असतो! डिसेंबरच्या थंडीतही, 15 अंशांना, आकडा 8,600 च्या पुढेच जातो. पेटीतली संत्री साधी कोमट तरी झाली का? नाही ना? मग आत काळही मंदावलेला नाही.

जीपीएसची गोष्ट अर्धी खरी आहे, एवढं मान्य करावं लागेल. गुरुत्वाकर्षणाने काळ खरोखर मंदावतो आणि उपग्रहांच्या घड्याळांत त्याची दुरुस्ती करावी लागते. पण ती घड्याळं जमिनीवरच्यापेक्षा पुढे पळतात, दिवसाला सुमारे 38 मायक्रोसेकंद. अख्ख्या पृथ्वीच्या वस्तुमानामुळे जमिनीवरचं घड्याळ दूर अंतराळातल्या घड्याळाच्या मागे पडतं ते वर्षाला जेमतेम 0.022 सेकंद. तीसपट कुठे आणि हे कुठे! ऊर्जेलाही वस्तुमान असतं खरं, पण 24 वॅटचा अडॅप्टर वर्षभर चालवला तरी त्यातल्या ऊर्जेचं वस्तुमान आठ-नऊ मायक्रोग्रॅम भरेल.

झिरो माइलचं तर उलटंच आहे. नागपूर समुद्रसपाटीपासून 310 मीटरच्या आसपास उंच आहे, त्यामुळे इथलं घड्याळ समुद्रकाठच्या घड्याळापेक्षा वर्षाला साधारण एक मायक्रोसेकंद पुढे जातं.

आता नुकसानीचं. तोडलेलं संत्रं श्वास घेत असतं, उष्णता आणि ओलावा बाहेर टाकत असतं. घट्ट बंद पेटीत झाकणाला आतून पाणी सुटतं, फळाला आंबूस वास येतो आणि सालीवर जिथे खरचटलंय तिथून हिरवी बुरशी शिरते. एका फळावरची भुकटी उडाली की बाकीच्यांवरही डाग दिसू लागतात. मेसेजमधल्या फोटोसारखी टवटवीत फळं मेणाचा थर देऊन शीतगृहात ठेवली तरी मिळतात, त्यासाठी काळ थांबवावा लागत नाही. नागपुरी संत्र्याला साधारण 6 ते 7 अंश तापमान आणि 90 ते 95 टक्के आर्द्रता लागते. तापमान त्याखाली फार नेलं तर सालीवर खड्डे पडतात.

मामा, फळ ओढून तोडू नका, कात्रीने देठ सालीलगत कापा, म्हणजे शेजारच्या फळाला टोचणार नाही. खरचटलेली फळं बांधावरच वेगळी काढा. भोकं असलेल्या कॅरेटमध्ये भरा, कॅरेट सावलीत ठेवा आणि माल त्याच दिवशी शीतगृहाला किंवा नागपुरातल्या कळमना बाजाराला पाठवा. पेट्यांचे पैसे अजून दिले नसतील तर देऊ नका.