शेतमजुरांवर माहितीपट काढणाऱ्यांस काही सूचना

विदर्भातील शेतमजुरांवर माहितीपट काढण्याचे आपण मनावर घेतलेच असेल, तर कृपया मे महिन्यात यावे. त्या महिन्यात यवतमाळ-अमरावतीकडच्या कोरडवाहू शेतांत मजूर फारसे दिसत नाहीत; परंतु काळी जमीन मात्र मनासारखी भेगाळलेली मिळते. ही जमीन पाणी प्यायली की फुगते आणि वाळली की आकसते, त्यामुळे उत्तम पावसाच्या वर्षानंतरही ती उन्हाळ्यात अशीच फाटते, हे गावातले शाळकरी पोरही सांगेल. त्याला विचारू नका. भेगांवरून ड्रोन फिरवा आणि मागे बासरी वाजू द्या.

माणसे हवीच असतील, तर दिवाळीनंतर कापसाच्या वेचणीला येणे भाग आहे. धारणी-चिखलदऱ्याकडची अनेक कोरकू आदिवासी कुटुंबे त्या सुमारास मेळघाट उतरून कामाला येतात आणि होळीला गावी परततात. वेचणीची मजुरी किलोवर मिळते, एवढे आधी समजून घ्यावे, म्हणजे नंतर विसरायला सोपे जाते. कमरेला ओटी बांधलेल्या बाईला ‘मावशी, उजेड गेला होता, त्याच ओळीतून पुन्हा एकदा चालत या’ असे आपण पाच वेळा सांगितले, तर तिचा किती कापूस वेचायचा राहिला हे संध्याकाळी काट्यावर तिचे तिलाच कळते. आपल्या अंदाजपत्रकात त्यासाठी रकाना नसतो.

कोरकू ही मुंडा कुळातील भाषा असल्यामुळे मराठी-हिंदीच्या बळावर ती उमगणार नाही. दुभाषा म्हणून मजूर आणणाऱ्या मुकादमालाच बसवा आणि त्याच्याच तोंडून विचारा, की त्याच्याकडून आगाऊ घेतलेली उचल फिटली का आणि मुकादम त्रास देतो का. उत्तर पाच मिनिटे चालले आणि त्याचे भाषांतर ‘समाधानी आहेत’ एवढेच निघाले, तर कोरकू भाषा फार पाल्हाळिक आहे असे समजावे.

स्थानिक मजुराची विधवा भेटल्यास नवऱ्याची तसबीर तिच्या मांडीवर ठेवायला विसरू नका. मात्र घरात कुणाच्याच नावावर सातबारा नसल्यामुळे आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याच्या वारसांना मिळणारी १ लाखाची सरकारी मदत आपल्याला मिळाली नाही, हे ती सांगू लागली, की कॅमेरा बंद करावा. महोत्सवातल्या प्रेक्षकांचे डोळे तसबिरीने पाणावतात, सातबाऱ्याने नव्हे. (शिवाय सातबारा म्हणजे काय, हे समजावण्यात चार मिनिटे जातात.)

संमतिपत्र इंग्रजीत असावे. अंगठा कोणत्याही लिपीखाली सारखाच उमटतो. मानधनाचा विषय निघालाच, तर पैसे दिल्याने वास्तव दूषित होते, हे तत्त्व नम्रपणे पण ठामपणे सांगावे. ड्रोनवाल्याचा रोजचा भत्ता, गाडीचे भाडे आणि नागपूरच्या हॉटेलातील मुक्काम यांमुळे वास्तवाला कसलीही बाधा पोहोचत नाही, असाच या क्षेत्रातील अनुभव आहे. तेव्हा ती बिले मात्र जपून ठेवावीत.